कडता

रात्री नऊनंतर, शेवटचा सौदा उरकला की
मार्केट यार्डात मी उरतो आणि माझा दांडीचा काटा.
तेव्हा हैदर शिकलगार येतो.
चपला बाहेर काढतो, दर्ग्यात शिरावं तसा.
"मामा, बघा जरा."

एकतीस वर्षं मी गुळाचे रवे मोजतोय.
तीस किलोचा रवा मला नजरेनं कळतो.
माणूस पहिल्यांदाच चढवला काट्यावर.
अडुसष्ट दोनशे.
साठ पाहिजे. मिरजेत. अठरा दिवसांत.

या गावात पोरगं हाडापेरानं बरं असलं की तालमीत घालतात.
हा म्हणाला, मी ठोसे मारणार.
गंगावेशीत हसले.
एका साली राज्याचं पदक आणलं,
तेव्हा हार घातले आणि हसले.
आता उद्यमनगरात लेथवर असतो,
चाळिशीला दोन महिने कमी.
चाळीस झाली की रिंगमध्ये घेत नाहीत.

वडणग्याला माझ्या मेव्हण्याचं गुऱ्हाळ. मीच शब्द टाकला.
चुलवाणाच्या तोंडाशी, जळव्याच्या शेजारी
रेनकोट घालून बसतो, वरून घोंगडं.
काहिलीत रस उकळतो, मळी वर येते,
गुळव्या झाऱ्यानं काढून टाकतो.
ह्याची बाही झटकली की ओंजळभर पाणी पडतं.
"पावणं, काकवी तरी चाखा."
हा मान हलवतो
आणि चिपाडाच्या ढिगाकडं बघत राहतो,
पिळून झालेलं किती झटकन पेटतं ते.

पासष्ट चारशे.
बासष्ट नऊशे.
दुसऱ्या रात्री परत बासष्ट नऊशे.
त्या रात्री काट्याला लाथ घातली त्यानं,
मग वाकून काट्याची माफी मागितली. माझी नाही.

मी म्हणालो, तुला रोज्याची सवय असंल.
म्हणाला, "रोज्याला सूर्य बुडतो, मामा."

त्याच्या आज्याचं धार लावायचं चाक मला आठवतं.
आमची आई विळी घेऊन जायची.
एकदा म्हातारा म्हणाला, मावशी, ही शेवटची खेप,
आता आणखी घासली तर पातंच राहायचं नाही.
बल्बच्या उजेडात नातवाच्या बरगड्या बघतो
तेव्हा आईला तो जे म्हणाला ते मला म्हणता येत नाही.
जैतून येऊन सांगून गेली,
मध्यरात्री उठून नळाखाली मनगटं धरून बसतो,
तोंड लावत नाही.

शनिवार. साठ तीनशे.
दुपारपासून चिंच चोखून डब्यात थुंकत होता,
आता थुंकीच येत नाही.
सातवीतली अल्फिया डबा धरून उभी.
हा डोळे मिटून. "किती?"

बाजारात कडता म्हणून असतो.
बारदानाचा, ओलीचा, झडतीचा अंदाज धरायचा,
तेवढं वजा करायचं.
शेतकऱ्याच्या मालातनं मी जन्मभर वजा केलं,
कधी खरं, कधी अडत्यानं डोळा घातला म्हणून.
माझ्या मनानं एकदाही नाही.
"साठ," मी म्हणालो. "घोटभर पाणी पी."

डोळे उघडले. दांडीकडं बघितलंच नाही,
माझ्याकडं बघितलं.
"कडता धरलासा व्हय, मामा?"

हसायला गेला तर ओठ फाटला.
रक्तसुद्धा गिळलं नाही, डब्यात थुंकला.
पोरीला म्हणाला, कात्री आण.
तिथंच केस उतरवले, जुन्या पावतीबुकावर.
तो गेल्यावर मी ते तागडीत टाकून बघितले.
पन्नास ग्रॅमसुद्धा नव्हते.

पहाटेच्या एसटीत रेनकोट घालूनच चढला.

मंगळवारी आला. भुवईवर चार टाके.
काट्याकडं गेला नाही, माझ्या फळीवर बसला,
फुटक्या रव्यातला एक खडा उचलून
जिभेवर ठेवला. चावला नाही.
बाहेर हमाल ट्रक भरत होते, कुणीतरी शिव्या देत होतं.
जिंकलास का, हे मी विचारलं नाही.
तिथला काटा किती म्हणाला, एवढंच.

तोंडात गूळ. बोटांनी सांगितलं त्यानं:
एक पंजा, वर एक बोट,
आणि मग मूठ.